सहावा खलाशी

25 ऑक्टोबर 2019, धनत्रयोदशी. क्यार वादळ रत्नागिरीपासून 200 किमीच्या आसपास, आणि आमच्या मच्छीमार संस्थेच्या वायरलेसवर मी. दुपारपर्यंत एक बोट सोडून बाकी सगळ्या बंदरात लागल्या. त्या बोटीचा शेवटचा आवाज पहाटे चारचा, नंतर सेट गप्प.

ऑफिसच्या पायरीवर बायका बसून होत्या. वाट बघणं म्हटलं की लोकांना दर्याकडे लागलेले डोळेच दिसतात. मला हिशेब ऐकू येत होता. 1554 वर तटरक्षक दलाला कळवायला मी रजिस्टर उघडलं. टोकनच्या, म्हणजे समुद्रात जायच्या परवान्याच्या, यादीत नावं पाच. त्या बोटीची मालकीण, नाखवीण, म्हणाली, "सहा लिवा भाऊ. तांदूळ मी सहा जणांचा भरलाय." एक खलाशी ऐनवेळी चढला होता आणि आमच्या कागदाला त्याचा पत्ता नव्हता. चूक आमचीच. पाच जण सापडले असते तर शोध तिथेच थांबला असता.

डिझेल 400 लिटर, बर्फ दोन टन, जाळी कुठल्या वावात, म्हणजे किती खोल पाण्यात, टाकायची ठरली होती, सगळं तिला तोंडपाठ. माल भरायचे पैसे तीच मोजते. पहाटे जवळून गेलेल्या बोटीच्या तांडेलाकडून, म्हणजे बोट चालवणाऱ्याकडून, जीपीएसचे आकडे मिळाले. तेही कळवले.

बोट दुसऱ्या दिवशी सकाळी आली, स्वतःच्या इंजिनावर. लाटांनी टाकीच्या तळाचा गाळ ढवळला, फिल्टर चोंदला, इंजिन बंद. जवळचा जादा फिल्टरही तासाभरात भरला. इंजिन बंद म्हणजे बॅटरी चार्ज होत नाही. स्टार्टरपुरती उरावी म्हणून तांडेलाने वायरलेसच बंद ठेवला. जाळी नाळेकडून, म्हणजे बोटीच्या पुढच्या टोकाकडून, सोडून दिली, तिच्या ओढीने तोंड वाऱ्याकडे राहिलं. बोट आडवी झाली असती तर लाट आत आली असती. मग डिझेल फडक्यातून गाळून, फिल्टर धुऊन, लाइनीतली हवा काढून इंजिन चालू केलं. सेट पाच मिनिटं लावला असता तर रात्र जरा सोपी गेली असती, असं मला अजून वाटतं. तांडेलाला ते पटत नाही.

नाखविणीने धक्क्यावरूनच सहा डोकी मोजली. मग फळी ओलांडून आत गेली, मासळीच्या खणाचं झाकण उचललं, हात घातला. बर्फाचं पाणी झालेलं. "अर्धा टन फोडून आना रं, सुरमय मऊ पडंल," तिने पोराला हाक मारली.