तुम्ही विचारलंत म्हणून: निक अ‍ॅडम्सला जपानी येत होतं का?

तोहो या जपानी स्टुडिओचे जुने सिनेमे पाहणारे हमखास विचारतात, की हा अमेरिकन नट इतकं सफाईदार जपानी शिकला कुठे? शिकला नव्हता. १९६५च्या ‘इन्व्हेजन ऑफ अ‍ॅस्ट्रो-मॉन्स्टर’मध्ये जो जपानी आवाज ऐकू येतो तो गोरो नाया यांचा. ‘ल्युपिन द थर्ड’ या जपानी कार्टून मालिकेतल्या इन्स्पेक्टर झेनिगाताचा आवाज पुढे त्यांनीच दिला.

अ‍ॅडम्स तिथे गेला तेव्हा त्याच्या खात्यावर ऑस्करचं एक नामांकन होतं. अमेरिकन निर्माते हेन्री सॅपरस्टीन यांचा पैसा तोहोच्या राक्षसपटांत आला होता आणि अमेरिकेतल्या थिएटरांसाठी त्यांना ओळखीचा चेहरा हवा होता. सेटवर अ‍ॅडम्स इंग्रजीत बोले, समोरचे जपानी नट अकिरा ताकारादा जपानीत. नंतर जपानी प्रिंटसाठी अ‍ॅडम्सचं डबिंग होई, अमेरिकन प्रिंटसाठी बाकीच्यांचं. शॉट एकदाच घ्यायचा, बाजारपेठा दोन.

राक्षसपटात हे खपून जातं, कारण माणसं बरेचदा आकाशाकडे बघत एकेकटी बोलतात. १९६७ साली ‘कोकुसाई हिमित्सु केइसात्सु’ या हेरगिरीच्या हलक्याफुलक्या मालिकेच्या पाचव्या, शेवटच्या सिनेमात तो जपानी नट तात्सुया मिहाशींबरोबर आला. तिथे मात्र काम अवघड. विनोदाला उत्तर अचूक क्षणी पडावं लागतं. समोरच्याची भाषा कळत नसेल तर नट वाक्याच्या अर्थावर प्रतिक्रिया देत नाही, ते संपण्याची वाट बघतो. जपानीत क्रियापद आणि नकार दोन्ही शेवटी येतात. त्यामुळे समजणारा नट त्या शेवटावर चेहरा बदलतो, न समजणारा त्यानंतर. अर्धा क्षण उशीर झाला की हशा गेला. संकलकाकडे उपाय दोनच: मधली फट कापायची, किंवा बोलणाऱ्याऐवजी ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवायचा. मारामारीत ही अडचण फारशी येत नाही. ठोसा कधी, कुठून आणि पडायचं कुठे, हे आधीच बसवलेलं असतं.

डबिंग ओळखायचं असेल तर ओठ बघा. प, ब, म म्हणताना ओठ मिटतातच. आवाजात ‘म’ आला आणि तोंड उघडं दिसलं, तर आवाज दुसऱ्याचा आहे किंवा वाक्य दुसऱ्या भाषेतलं.

आता रॉबर्ट डनहॅम बघा. हाही अमेरिकन, पण जपानमध्ये राहिलेला, अस्खलित जपानी बोलणारा. तोहोच्याच १९६४च्या ‘दोगोरा’ या राक्षसपटात तो मार्क जॅक्सन आहे: हिरेचोरांच्या मागावर असलेला आणि सुरुवातीला स्वतःच चोर वाटणारा. योसुके नात्सुकींच्या पोलीस डिटेक्टिव्हशी त्याची जी शाब्दिक चकमक चालते, ती त्याच्या स्वतःच्या आवाजात. डिटेक्टिव्हचं वाक्य पुरतं संपायच्या आत त्याच्या चेहऱ्यावर उत्तर दिसू लागतं. अ‍ॅडम्स मोठा नट होता यात शंका नाही, पण जपानी विनोदात डनहॅम मला कितीतरी सरस वाटतो. तोहोने त्याला अशी मोठी कामं फार दिली नाहीत याची हळहळ वाटते. १९७३च्या ‘गॉडझिला विरुद्ध मेगालॉन’मधला सीटोपिया या समुद्राखालच्या राज्याचा सम्राट तोच.

‘दोगोरा’ बघणार असाल तर मूळ जपानी ट्रॅक लावा आणि खाली सबटायटल्स ठेवा. इंग्रजी डबिंगमध्ये त्याचं जपानी बोलणंच नाहीसं होतं.