आप्पांचा बिंदू

आस्थापना शाखेत वीस वर्षं काढली. बदल्यांचे, निलंबनाचे आदेश हातोहात बजावले, कधी काही वाटलं नाही. पण २०२० च्या जानेवारीत शेजारच्याच टेबलावर बसणाऱ्या आप्पांना एक कागद द्यायचा होता, तो सकाळी आल्यापासून दुपारपर्यंत माझ्या ड्रॉवरमध्येच पडून होता.

ऑफिस जळगाव जिल्ह्यातलं. नाव राहू द्या. आप्पा चोपड्याकडचे, तापीकाठचे. १९९३ ला टोकरे कोळी म्हणून अनुसूचित जमातीच्या जागेवर लागले. तेव्हा प्रमाणपत्रावर नेमणूक व्हायची, पडताळणी मागाहून. ती आली आणि अडकली. वडिलांच्या शाळेच्या उताऱ्यात नुसतं 'हिंदू कोळी'. आजोबांच्या नोंदीत 'टोकरे' होतं, पण ओळीच्या वर कोंबून लिहिलेलं, आणि शाई वेगळी. पडताळणी समितीच्या दक्षता पथकाला तेवढं पुरलं. जुने मास्तर पोटजात विचारायच्या भानगडीत पडत नसत, त्यामुळे नुसत्या 'कोळी'वरून माणूस खोटा ठरत नाही, हे मी आजही म्हणेन. पण फाईल मी स्वतः उजेडात धरून पाहिली आहे. शाई वेगळीच होती.

दावा अवैध ठरला तरी नोकरी वाचत गेली. १५ जून १९९५ चा शासन निर्णय पाठीशी होता, २०१४ ला मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानंही अशा कर्मचाऱ्यांना संरक्षण दिलं. ६ जुलै २०१७ ला सर्वोच्च न्यायालयानं ते छत्रच काढून घेतलं: प्रमाणपत्र अवैध, तर त्यावर मिळालेली नोकरीही गेली. मग सरकारनं २१ डिसेंबर २०१९ ला तोडगा काढला. माणसाला घरी पाठवायचं नाही, अकरा महिन्यांसाठी अधिसंख्य पदावर, म्हणजे मंजूर जागांवरच्या जादा पदावर घ्यायचं. त्याची मूळ जागा मोकळी करून जमातीच्या उमेदवारातून भरायची.

आप्पांनी आदेश दोनदा वाचला. चष्मा काढून पुसला.

"आते काय व्हई, भाऊ?"

"काही नाही आप्पा. टेबल हेच, खुर्ची हीच."

"आणि अकरा महिन्यांनी?"

"परत आदेश निघेल."

पेन्शनचं त्यांनी विचारलं नाही. विचारलं असतं तर माझ्याकडे उत्तर नव्हतं. पोच देताना सहीखाली तारीख टाकली, वेळ टाकली. वेळ टाकायची सवय आम्हा सगळ्यांना त्यांनीच लावलेली.

दुपारच्या डब्याला आमचा धडगावकडचा कनिष्ठ लिपिक, जातीनं पावरा, रोज आप्पांच्या डब्यातली कळण्याची भाकरी हक्कानं उचलायचा. त्या दिवशी त्याचा हात पुढे आला नाही. नंतर नळावर हात धुताना माझ्याकडे न बघता म्हणाला, "मी सहा वर्षं घरी बसलो होतो, भाऊ. जागाच निघत नव्हत्या." एवढंच. मी नळ बंद केला. आप्पा माझे जवळचे, म्हणून याचं म्हणणं खोटं ठरवायला गेलो तर ते मला जमेना.

चार वाजता बिंदुनामावली काढली, कुठली जागा कुठल्या प्रवर्गाची हे बिंदूवार मांडलेलं रजिस्टर. ते इतकी वर्षं आप्पांनीच ठेवलेलं. रेघा त्यांच्या, अक्षर त्यांचं. जमातीच्या बिंदूवर त्यांचं स्वतःचं नावही त्यांच्याच अक्षरात. शेऱ्याच्या रकान्यात 'रिक्त' लिहायचं होतं. मी पेन्सिल घेतली.

आप्पा मागे कधी येऊन उभे राहिले, कळलं नाही.

"पेन्सिलीनं नको रे. मागासवर्ग कक्षाच्या तपासणीत आक्षेप निघेल. नाव लाल शाईनं काट."

आणि स्वतःच्या टेबलावरची पट्टी आणून त्यांनी माझ्यापुढे ठेवली.