अथेन्सहून एका दिवसात मेतेओरा

'मेतेओरा एका दिवसात करू नका,' असं सगळे बजावतात. आम्ही केलं. बसनं जायला-यायला मिळून नऊ तास. कंबरेचं पार भजं झालं. पण मेतेओराच्या पायथ्याचं कलांबाका गाव जवळ आलं आणि पेंगणाऱ्या माना एकदम खिडक्यांना चिकटल्या. थेसलीच्या सपाट मैदानातून सरळसोट उठलेले सुळके, आणि त्यांच्या माथ्यावर ख्रिस्ती मठ!

चौदाव्या शतकापासून इथे मठ उभे राहत गेले. एकेकाळी वीसहून जास्त होते, आता नांदते सहा. १९२०च्या दशकात कातळात पायऱ्या खोदल्या. त्याआधी माणूस असो की धान्य, जाळ्यात घालून दोरानं वर ओढायचे. 'दोर कधी बदलायचे?' कुणीतरी विचारलं. गाईडबाई शांतपणे म्हणाल्या, 'देव तो तुटू देईल तेव्हा.' ठरलेला विनोद असणार, पण खालची दरी बघता हसू बेतानंच आलं.

वार्लाम मठातलं सोळाव्या शतकातलं लाकडी पिंप मात्र डोक्यातून जात नाही. बारा हजार लिटरचं! एवढ्या उंचीवर पाणी साठवायचं म्हणजे खायचं काम नव्हे.

बायकांना स्कर्ट सक्तीचा. आईनं सलवार-कमीजवर दारात मिळालेला स्कर्ट मुकाट्यानं गुंडाळला. वर 'पदर पण घेऊ का?' हे विचारलंच.

मठाला चाळीस मिनिटं आणि मूर्तिचित्रांच्या दुकानाला अर्धा तास, हे गणित काही पटलं नाही. जमलं तर कलांबाकात एक रात्र राहाच.