खुरमाल, अग्गिमाल, नालासोपारा पश्चिम

खुरमाल समुद्रात माणसाएवढे मासे बुड्या मारत असतात, त्यांची नाकं वस्तऱ्यासारखी धारदार. पाण्याखाली हिरे. पुढं अग्गिमाल लागतो, भर दुपारच्या सूर्यासारखा पेटलेला, त्यात सोनं. मग दह्यादुधासारखा पांढरा दधिमाल आणि चांदी, कुसाच्या शेतासारखा कुसमाल आणि नीलमणी, वेळूच्या बनासारखा नळमाल आणि पोवळी. सगळ्यात शेवटी वलभामुख. तिथं चारी बाजूंनी पाणी कड्यासारखं उभं राहतं आणि गेलेलं जहाज परत येत नाही.

हा मार्ग सुप्पारक जातकातला, म्हणजे बुद्धाच्या पूर्वजन्मांच्या पाली कथांपैकी एकीतला. जहाजावर सातशे माणसं, जहाज सुटलेलं भरुकच्छहून, म्हणजे भडोचहून. तांडेल, म्हणजे जहाज हाकणारा, आंधळा, खाऱ्या पाण्यानं डोळे गेलेले. आधी तो राजाकडे पारखी होता. हत्ती-घोडे नुसत्या हातानं चाचपून त्यांची खोड सांगायचा. राजा दरवेळी आठ नाण्यांवर बोळवण करतो म्हणून वैतागून घरी आला, आणि तिथून व्यापाऱ्यांनी त्याला जहाजावर नेलं. त्याचं नाव सुप्पारक. पाली ग्रंथांत आपल्या सोपाऱ्याचंही हेच नाव आहे.

मला सगळ्यात आवडते ती हिऱ्यांची जागा. खाली हिरे आहेत हे तांडेलाला ठाऊक असतं, पण तो चकार शब्द काढत नाही. या लोकांना कळलं तर हावरटासारखे भरत सुटतील आणि जहाज बुडवतील. म्हणून तो मासे धरायच्या मिषानं जाळं टाकतो, हिरे वर घेतो आणि हलक्या किमतीचा माल पाण्यात फेकायला लावतो. ज्यानं ही गोष्ट रचली त्यानं धक्क्यावर माल चढताना पाहिला असणार. मासे वस्तऱ्याच्या नाकांचे, पण जहाजाच्या भाराचा हिशेब अगदी खरा. वलभामुखातून जहाज सुटतं ते तांडेलाच्या सत्यक्रियेनं, म्हणजे खऱ्या वचनाच्या जोरावर. चार महिन्यांची वाट एका दिवसात उलटी कापून भरुकच्छला येतं, आणि तिथंही न थांबता जमिनीवरून चालत थेट त्याच्या दारात उभं राहतं!

हे सगळं डोक्यात घेऊन मी विरार लोकलमधून नालासोपाऱ्याला उतरले. उतरले म्हणजे गर्दीनं उतरवलं. पश्चिमेला रिक्षावाल्याला म्हटलं, “दादा, जुन्या बंदराकडे जायचंय.” तो म्हणाला, “ताई, बंदर इथं कुठं? अर्नाळ्याला जायचंय का?” स्तूप म्हटल्यावर मात्र लगेच मीटर पाडलं. त्याची काही चूक नाही. खाडी कधीच गाळानं भरली आणि समुद्र पश्चिमेला दूर राहिला. पहिल्या शतकातल्या ‘पेरिप्लस’ या ग्रीक सागरी मार्गदर्शिकेत भडोचच्या दक्षिणेची बंदरं ओळीनं दिली आहेत, त्यात आधी सुप्पारा आणि मग कल्याण. इथला माल नाणेघाट चढून जुन्नरला आणि पुढं पैठणकडे जायचा. आता त्या बाजूनं टॉवर, क्लासचे फलक आणि चायनीजच्या गाड्या.

सोपारा गावात शिरल्यावर झाडं दाट होतात आणि मग स्तूप येतो. लोक त्याला बुरुड राजाचा कोट म्हणत आले आहेत. विटांचा रुंद, बसका ढिगारा. देखावा म्हणून पाहायला गेलात तर पाच मिनिटांत संपेल. 1882 साली पंडित भगवानलाल इंद्रजींनी तो मधोमध खणला तेव्हा आत दगडी पेटी मिळाली. पेटीत तांब्याचा करंडक आणि त्याच्याभोवती आठ ब्राँझच्या मूर्ती. तांब्याच्या आत चांदीचा, चांदीच्या आत दगडाचा, दगडाच्या आत स्फटिकाचा, स्फटिकाच्या आत सोन्याचा करंडक. आणि त्या सोन्यात? मातीच्या भांड्याच्या खापऱ्या, बुद्धाच्या भिक्षापात्राच्या म्हणून जपलेल्या. सोबत सोन्याची फुलं आणि सातवाहन राजा यज्ञ सातकर्णीचं चांदीचं नाणं. मूर्ती नाण्याहून कितीतरी शतकं उशिराच्या मानतात, म्हणजे मधे कोणीतरी पेटी उघडून पुन्हा बंद केली असणार. हा ऐवज आता मुंबईत एशियाटिक सोसायटीकडे आहे. इथं विटा, हिरवळ आणि वर्दीतला रखवालदार.

त्या विटांपाशी बसून मला पूर्ण नावाचा माणूस आठवत होता. ‘दिव्यावदान’ या संस्कृत बौद्ध कथासंग्रहातला हा सोपाऱ्याचा व्यापारी, दासीचा मुलगा. पुढं तो भिक्षू झाला. भाऊ चंदन आणायला गेला असताना यक्षानं वादळ उठवलं, तेव्हा पूर्णानं प्रकट होऊन जहाज वाचवलं. त्या चंदनाचा प्रासाद सोपाऱ्यात उभा राहिला आणि बुद्ध आकाशमार्गे तिथं आले. अजिंठ्याच्या दोन नंबरच्या लेण्यात या कथेतलं जहाज रंगवलेलं आहे. पण मला त्याआधीचा भाग जास्त खमंग वाटतो. परदेशी माल बंदरात येतो. व्यापाऱ्यांची श्रेणी, म्हणजे संघ, ठराव करते की एकट्यानं कोणी सौदा करायचा नाही. पूर्ण जातो, बयाणा देतो, सगळ्या मालावर स्वतःची मोहोर ठोकून मोकळा होतो. श्रेणी त्याला साठ कार्षापण नाण्यांचा दंड करून उन्हात उभा करते. प्रकरण राजाकडे जातं. पूर्ण एवढंच विचारतो, “ठराव केलात तेव्हा मला किंवा माझ्या भावाला बोलावलं होतंत?” नव्हतं. सुटला! हाउसिंग सोसायटीच्या सभा ज्यांनी पाहिल्यात त्यांना हा युक्तिवाद वेगळा समजावून सांगायला नको. पुढं त्याच श्रेणीला त्याच्याचकडून दुप्पट भावानं माल घ्यावा लागला.

तिथून चक्रेश्वर तलावाकडे गेले. देवळापाशी ब्रह्मदेवाची मोठी उभी मूर्ती आहे आणि ती पाहायला माझ्याशिवाय कोणी नव्हतं. भाटेळा तळ्याजवळ सापडलेला अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मात्र मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात पाहावा लागतो. हा लेख चक्क प्रवासाबद्दलच आहे: आधीचे राजे शिकारीसाठी फिरत, मी धर्मयात्रेला निघालो. येणाऱ्याजाणाऱ्यांनी गजबजलेल्या बंदरात तो कोरावा, ही जागेची निवड मला फार हुशारीची वाटली.

परतताना आगाशीला वळसा घेतला तो सुकेळ्यांसाठी. राजेळी केळी सोलून उन्हात वाळवतात, ती मधासारखी गडद होतात. दुकानातल्या मावशींना विचारलं, “टिकतील ना? बहिणीला दुबईला पाठवायचीत.”

“दुबईला काय घेऊन बसलीस,” त्या म्हणाल्या, “आमची अमेरिकेला जातात. पण वजनाचं बघ हो बाई, विमानवाले जास्तीचं काढून ठेवायला लावतात.”

मी एक पाकीट कमी घेतलं.