कोलनची जखम आणि सात जागांचा कोड

सीपीसी ही मेडिकल कोडिंगची, म्हणजे पेशंटच्या आजाराला आणि उपचाराला ठरलेले कोड लावण्याच्या कामाची परीक्षा. तिच्या तयारीत माझं घोडं अडलं ते इंज्युरीच्या, म्हणजे जखमांच्या प्रकरणात, आणि त्यातही कोलनपाशी, म्हणजे मोठ्या आतड्यापाशी. बी.एस्सी.ला झूऑलॉजी होतं, त्यामुळे ते काही नवीन नव्हतं. पण पुण्यात कोडिंगच्या क्लासला बसले आणि कळलं, आतडं माहीत असून भागत नाही. अमेरिकेतल्या सर्जनने ऑपरेशननंतर जे लिहून ठेवलंय, कोड फक्त तेवढ्याचाच. (आईला अजूनही वाटतं मी सॉफ्टवेअरमध्ये आहे.)

कोडची रचना तशी सरळ. एस३६.५ म्हणजे कोलनची जखम. पाचव्या जागेवर जखमेचा प्रकार: २ म्हणजे मुका मार, ३ म्हणजे फाटलेलं. सहाव्या जागेवर कोलनचा भाग: ० असेंडिंग, १ ट्रान्सव्हर्स, २ डिसेंडिंग, ३ सिग्मॉइड. रेक्टम (गुदाशय) यात नाही, त्याचं घर एस३६.६. एकाच जागी मुका मारही आहे आणि फाटलंयही, तर फाटल्याचाच कोड लावायचा.

सरावाला एक केस होती: पोटात डावीकडे खाली चाकूचा वार, डिसेंडिंग कोलन फाटलेलं, सर्जनने टाके घालून शिवलं, कोलोस्टॉमी (आतड्याचं तोंड पोटावर बाहेर काढणं) केली नाही. मी एस३६.५३२ए लिहून पेन खाली ठेवणार तोच सर म्हणाले, "आणि पोटाची भिंत? चाकू आत उडत गेला का?" एस३६च्या डोक्यावरच सूचना आहे की उघडी जखम असेल तर तिचाही कोड द्या. म्हणून एस३१.६१४ए. हत्याराचा कोड त्यानंतर, एक्स९९.१एक्सएक्सए, मधले दोन एक्स नुसते जागा भरायला. शिवल्याचा कोड सीपीटी या उपचारांच्या वेगळ्या यादीतला, ४४६०४, कोलोस्टॉमी केली असती तर ४४६०५. सर आयसीडी-९च्या, म्हणजे आजार-जखमांच्या कोडांच्या जुन्या यादीच्या काळातले. तेव्हा उघड्या जखमेसकट सगळं ८६३.५३ या एकाच कोडात बसायचं. १ ऑक्टोबर २०१५ला अमेरिकेत आयसीडी-१० (वरचे एस३६सारखे कोड यातलेच) लागू झालं आणि ते सुख संपलं, असं ते दर बॅचला सांगतात.

सातव्या जागेवरच्या ए, डी, एसवर आमच्या बॅचमध्ये रोज वाद. ए म्हणजे पहिली भेट असं सगळ्यांना वाटतं. तसं नाही. जखमेवर प्रत्यक्ष उपचार चालू असेपर्यंत ए, मग डॉक्टर बदलोत की हॉस्पिटल. जखम भरत आलीय आणि नुसती तपासणी आहे, तर डी. मागे राहिलेल्या त्रासासाठी एस, पण तेव्हा आधी त्या त्रासाचा कोड. आणि काही महिन्यांनी पेशंट कोलोस्टॉमी बंद करायला आला, तर पहिला कोड झेड४३.३.

माझ्या मते या प्रकरणात खरं डोकं लागतं ते जखम कशी झाली यासाठी. "कोलन परफोरेशन" एवढंच वाचून एस३६कडे धावायचं नाही. अपघात किंवा हल्ला असेल तरच एस३६. आपोआप छिद्र पडलं तर के६३.१, डायव्हर्टिक्युलायटिसमुळे (आतड्याला आलेल्या फुगवट्यांची सूज) पडलं तर त्याचा स्वतःचा कोड, के५७मधला. कोलोनोस्कोपी करताना चुकून पडलं तर के९१.७१. हा शेवटचा कोड डॉक्टरांना आवडत नाही, कारण तो त्यांच्या नावावर गुंतागुंत म्हणून नोंदला जातो.

नोकरी लागल्यावर हेच पुन्हा समोर आलं. जुन्या चिकटलेल्या आतड्यांचं ऑपरेशन, त्यात "सेरोसल टेअर, रिपेअर्ड" (आतड्याचं बाहेरचं आवरण फाटलं, शिवलं) एवढी एकच ओळ. ही गुंतागुंत म्हणायची, की आतडी इतकी चिकटलेली होती की फाटणं अटळच होतं? ते ठरवणं कोडरचं काम नाही, कितीही अनुभव असो. अशा वेळी सर्जनला क्वेरी, म्हणजे लेखी प्रश्न, पाठवायची. तीही अशी लिहायची की उत्तर आपण सुचवतोय असं वाटता कामा नये. त्या दोन ओळी लिहायला मला अख्ख्या चार्टपेक्षा जास्त वेळ लागला आणि टीम लीड प्रॉडक्शनचा आकडा (दिवसात किती चार्ट झाले) विचारत मागे उभी. उत्तर आलं: अटळ होतं, परिणाम काही नाही. के९१ लावला नाही.

सीपीसी पास झाले. चार तासांत १०० प्रश्न, पासिंग ७० टक्क्यांना. प्रश्न काय होते ते सांगायची परवानगी नसते. पुस्तकं जवळ ठेवू देतात, म्हणून तयारी करणाऱ्यांनी एस३६च्या समासात "एस३१ पाहा" आणि के६३.१शेजारी "अपघात नाही ना?" एवढं पेन्सिलीने लिहून ठेवा. पुस्तक मात्र चालू वर्षाचं घ्या, कारण दर १ ऑक्टोबरला कोड बदलतात. सीनियरने फुकट दिलेल्या जुन्या प्रतीवर सराव करून पैसे वाचत नाहीत.