थुंकायची वाटी

दोन वर्षं चार महिन्यांची असताना आमची मुलगी मोजून पाच पदार्थ खायची: भात, दही, केळं, उकडलेला बटाटा आणि बिस्किट. सगळे पांढरे नाहीतर पिवळट. ताटात हिरवं काही दिसलं की ताट दूर सरकायचं. भाताला पालकाचं एखादं पान चिकटलं असलं तर तो सगळा भातच बाद.

नऊ महिन्यांची असताना हीच पोरगी भोपळा, मटार, अंडं, मासा, समोर येईल ते दोन्ही हातांनी तोंडात कोंबायची. मी तेव्हा भेटेल त्याला ऐकवायचो की सुरुवातीपासून सगळं दिलं की मुलं सगळं खातात, त्यात काय एवढं! दीड वर्षाच्या आसपास ती फुशारकी अंगाशी आली. या आठवड्यात मासा गेला, पुढच्या आठवड्यात भोपळा, मग अंडं. आम्ही नुसते बघत राहिलो.

खरं तर बघत राहिलो असतो तरी बरं झालं असतं. आम्ही उपाय केले. चमचा विमान झाला, मोबाइल समोर उभा राहिला, "दोन घास पालक, मग चॉकलेट" असे करार झाले. सगळ्यात हुशारीचा उपाय माझा होता: केळ्याच्या शेकमध्ये पालक वाटून घालायचा. रंग लपावा म्हणून कोकोही घातला. तिनं एक घोट घेतला, माझ्याकडे पाहिलं आणि पेला खाली ठेवला. त्यानंतर दोन महिने तिनं केळ्याला हात लावला नाही. म्हणजे पाचातले उरले चार, आणि तेही माझ्या कर्तबगारीनं.

"काहीच खात नाही" ही तक्रार घेऊन आम्ही डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी वजन-उंची घेतली, तक्त्यावर जुन्या ठिपक्यांपुढे नवा ठिपका ठेवला. तो रेषेवरच होता. मग त्यांनी विचारलं, "खात नाही, की तुम्हाला वाटतं तेवढं खात नाही?" मला पटकन उत्तर देता येईना. पहिल्या वर्षात मुलाचं वजन जन्माच्या वेळच्या साधारण तिप्पट होतं, दुसऱ्या वर्षात जेमतेम दोन-अडीच किलोची भर पडते. वाढीचा वेग उतरला की भूकही उतरते, आपण मात्र त्याच मापानं वाट्या भरत राहतो. पुढचा प्रश्न दुधाचा होता. दिवसाला तीन बाटल्या, म्हणजे जवळजवळ पाऊण लिटर. एवढ्या दुधानं पोट भरतं, मग जेवायला जागा कुठून उरणार? शिवाय गाईच्या दुधात लोह नावापुरतंच असतं, त्यामुळे अशा मुलांना रक्तक्षय होण्याची भीती असते. "अर्ध्या लिटरच्या आत आणा, आणि बाटली बंद, पेल्यातून द्या," असं सांगून त्यांनी आम्हाला घरी पाठवलं.

दूध कमी झाल्यावर पंधरा दिवसांत भूक दिसू लागली. पण भूक लागली म्हणून ती पालक खायला लागली असं काही झालं नाही. ती जास्त भात खायला लागली.

एलिन सॅटर या अमेरिकन आहारतज्ज्ञांची कामाची वाटणी बायकोनं वाचून काढली होती. काय वाढायचं, कधी आणि कुठे, हे मोठ्यांनी ठरवायचं. खायचं की नाही आणि किती, हे मुलानं. ऐकायला किती सोपं! आम्ही तीन जेवणं आणि दोन मधली खाणी ठरवली, मधल्या वेळात फक्त पाणी. प्रत्येक जेवणात तिला नक्की चालणारी एक तरी गोष्ट ताटात ठेवायची, म्हणजे उपाशी उठायची वेळ येणार नाही. तिच्यासाठी वेगळा स्वयंपाक बंद. आणि "खा" हा शब्द उच्चारायचा नाही.

हे शेवटचं कलम मला झेपेना. आपण दिवसातून किती वेळा "खा" म्हणतो हे तो शब्द बंद केल्याशिवाय कळत नाही. तिसऱ्या संध्याकाळी तिनं तीन घास भात खाल्ला आणि खुर्चीवरून उतरली. माझी आई तेव्हा आमच्याकडे होती. तिनं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी पोरीला घराबाहेर काढलंय. "अरे, दोन घास भरव की तिला. उपाशी झोपेल." मी म्हटलं, "आई, झोपायच्या आधी दही मिळणारच आहे तिला." आई काही बोलली नाही. मात्र रात्रभर मीच जागा होतो, पोरगी गाढ झोपली होती.

त्या दिवसांत मला क्लारा डेव्हिस यांच्या प्रयोगानं धीर दिला. या अमेरिकन डॉक्टरबाईंनी 1920 च्या दशकात नुकती अंगावरून सुटलेली बाळं घेऊन काय आणि किती खायचं ते त्यांनाच निवडू दिलं. पुढे प्रयोगातल्या मुलांची संख्या 15 झाली. चौतीस साधे पदार्थ, समोर वाट्या, शेजारी गप्प बसलेली परिचारिका. बाळानं बोट दाखवलं तरच चमचा भरायचा, एरवी आग्रह नाही की कौतुक नाही. मुलांनी काय वाटेल ते क्रम लावले, पण पोसली गेली उत्तम. मी हे आईला मोठ्या तोऱ्यात सांगितलं. तिनं विचारलं, "त्या वाट्यांत बिस्किट होतं का?" नव्हतं. डेव्हिसबाईंनी स्वतः 1939 मध्ये हेच लिहिलं की खरी मेख पदार्थांच्या यादीत होती, त्यात गोडधोड नव्हतंच. दुसऱ्या दिवशी बिस्किटाचा डबा घरातून गेला. हे श्रेय आईचं.

आता उरला नव्या पदार्थांचा प्रश्न. अनोळखी अन्नाला नकार देणं दोन ते सहा या वयात सर्वात तीव्र असतं. नुकतंच चालायला लागलेलं पोर दिसेल तो पाला तोंडात घालू लागलं तर काय होईल याचा विचार केला, की हा नकार फारसा मूर्खपणाचा वाटत नाही. नकार विरघळतो तो ओळखीनं. लीअॅन बर्च यांच्यासारख्या संशोधकांनी दाखवून दिलंय की तोच पदार्थ आठ-दहा, कधी पंधरा वेळा चाखल्यावर तो मुलांना आवडू लागतो. बहुतेक आईबाप तीन-चार प्रयत्नांतच "याला हे आवडत नाही" असा शिक्का मारून मोकळे होतात. आम्हीही मारला होता. चॉकलेटच्या कराराचाही निकाल बर्च यांच्याच दुसऱ्या अभ्यासात लागला होता: बक्षिसासाठी प्यायला लावलेलं पेय मुलांना नंतर आधीपेक्षा कमी आवडू लागलं. लाच द्यावी लागते ती वस्तू वाईटच असणार, हा मुलांचा हिशेब चुकीचा कसा म्हणायचा?

मी एक वही केली आणि गाजरापासून सुरुवात केली. कच्चं गाजर एवढ्या लहान मुलाच्या घशात अडकू शकतं, म्हणून वाफवलेलं, नखाएवढा एकच तुकडा. शेजारी एक रिकामी वाटी. ही कल्पना बायकोची. "नाही आवडलं तर यात थुंकायचं, कुणी रागावणार नाही." थुंकायची परवानगी असल्याशिवाय तोंडात घालायचं धाडस का म्हणून करावं कुणी?

वहीतल्या नोंदी अजून आहेत. पहिल्यांदा: फेकलं. दुसऱ्यांदा: फेकलं. तिसऱ्यांदा: माझ्या ताटात आणून ठेवलं. चौथ्यांदा बोटानं दाबून पाहिलं, ते पिचकलं, तर खूश. सहाव्यांदा जिभेचं टोक लावलं. आठव्यांदा तोंडात घातलं, दोन क्षण डोळे मिटले आणि वाटीत थुंकली. मग वाटी उचलून आत काय पडलंय ते निरखून पाहिलं. अकराव्यांदा चावलं आणि गिळलं. मी श्वास रोखून बसलो होतो. ती म्हणाली, "गोड आहे," आणि भाताकडे वळली.

एवढ्यावर मी चेकाळलो. एकाच वेळी पालक, बीट आणि फ्लॉवर अशी तीन खाती उघडली. जेवताना वही मांडीवर, पेन हातात. तिनं हात पुढे केला की मी पेन उचलायचो. एका दुपारी फ्लॉवरचा तुरा तिनं ओठांपर्यंत नेला, माझ्याकडे पाहिलं आणि खाली ठेवला. "बाबा, लिहू नको ना."

"खा" हा शब्द गेला होता, पण त्याच्या जागी पेन येऊन बसलं होतं. वही त्याच दिवशी बंद केली. त्यामुळे फ्लॉवर कितव्या खेपेला जमला हे मला सांगता येणार नाही. जमला एवढं खरं. बीट आजही चालत नाही. असू दे.

वहीच्या जागी स्वयंपाकघर आलं, तेही ठरवून नव्हे. मी मटार सोलत होतो, ती येऊन बसली. शेंगेच्या शिवणीवर अंगठा कसा दाबायचा ते दाखवलं. पहिली शेंग फट्कन उघडली तेव्हा ती दचकली, मग हसत सुटली. आतले दाणे तिनं मोजले, सहा. सगळे वाटीत टाकले. दुसऱ्या शेंगेतले पाच वाटीत, एक तोंडात. कुणीही सुचवलं नव्हतं, कुणी बघतंय असंही तिला वाटत नव्हतं. मी मान खाली घालून सोलत राहिलो. शेवटी वाटीत जेमतेम मूठभर दाणे होते, आणि त्या रात्री ताटातल्या शिजलेल्या मटारला तिनं हातही लावला नाही. कच्चे आवडले होते, शिजलेले नव्हते. मोठ्यांना ही एकच भाजी वाटते, तिच्या लेखी त्या दोन होत्या.

एक सांगायला हवं. आमच्या मुलीचं वजन वाढत होतं, म्हणून हा सबुरीचा कारभार परवडला. मूल वाढत नसेल, खाताना वारंवार ठसका लागत असेल, उलटी होत असेल, किंवा चालणाऱ्या पदार्थांची यादी आकसत आकसत धान्य, भाज्या, प्रथिनं असे गटच्या गट गळत असतील, तर वाट्या मांडून बसू नये. एका मित्राच्या मुलाला चावण्या-गिळण्याचीच अडचण होती आणि घरचे वर्षभर त्याला हट्टी म्हणत राहिले. थेरपिस्टकडे गेल्यावर काही महिन्यांत फरक पडला.

आता ती पावणेपाच वर्षांची आहे. द्राक्षं अजून उभी चिरूनच देतो. मासा परत आला, अंडं आलं, पालक डाळीत असेल तर चालतो, नुसता नाही. आणि वांगं तिला मनापासून आवडतं, जे मी आयुष्यात खात आलो नाही. लहानपणी ताटावर बसवून खायला लावलं होतं, तेव्हापासूनचं वैर. आजवर भांडं माझ्याकडे आलं की मी ते हळूच पुढे सरकवायचो. घरात सगळ्यांना माहीत आहे, फक्त तिच्या लक्षात आलं नसेल अशी माझी समजूत होती.

गेल्या आठवड्यात तिनं भांडं अडवलं. "तू का नाही घेत?"

"मला आवडत नाही."

"किती वेळा खाऊन बघितलंस?"

बायको पाणी प्यायच्या निमित्तानं पेल्याआड हसत होती. मी एक फोड घेतली, नखाएवढी. पोरगी खुर्चीवरून उतरली, ओट्यापाशी गेली, तिची जुनी वाटी घेऊन आली आणि माझ्या ताटाशेजारी ठेवली.

"कुणी रागावणार नाही," ती म्हणाली, आणि मुद्दाम दुसरीकडे बघत बसली.