जाऊन येऊ

पासपोर्टची मुदत संपत आली म्हणून परवा दुपारी तो बाहेर काढला. आमच्याकडे पासपोर्ट देवघराखालच्या खणात असतात, रेशनकार्ड, विम्याचे कागद आणि ह्यांचे जुने चष्मे यांच्या सोबतीला. फॉर्म भरायला फक्त नंबर हवा होता आणि नंबर पहिल्याच पानावर असतो. पण मी मासिकसुद्धा मागून वाचणारी बाई. मागून पानं उलटत आले आणि एका पानावर अडकले. एकाच तारखेचे चार शिक्के, २५ फेब्रुवारी २०२४. मलेशियातून बाहेर, थायलंडमध्ये आत, थायलंडमधून बाहेर, मलेशियात आत. त्यातला एक वाकडा आणि जरा फरफटलेला, घाईत लावलेल्या कुंकवासारखा.

फॉर्म तिथेच राहिला.

मुलगा तेव्हा क्वालालंपूरला होता. आम्ही दोघं वडोदऱ्याहून गेलो, मग सगळे मिळून लांगकावी बेटावर चार दिवस. दुसऱ्या रात्री जेवताना तो म्हणाला, "आई, उद्या थायलंडला जाऊन येऊ. संध्याकाळी परत." आपण पावागडला जाऊन येऊ म्हणतो ना, त्या सुरात. पावागडला जायचं तरी माझी तयारी आदल्या दिवशी सकाळपासून सुरू होते. त्यामुळे त्या रात्री मी हॉटेलच्या खोलीत उरलेले थेपले मोजले, लीलो चेवड्याची पिशवी वेगळी काढली आणि मग झोपले. सून हसली. दुसऱ्या दिवशी बोटीत अर्धा चेवडा तिनेच संपवला.

हे मात्र लांगकावीवर भलतेच रमले होते. ते बेट १९८७ पासून करमुक्त आहे, त्यामुळे दुकानांत बाटल्यांच्या भिंतीच्या भिंती. जन्म सगळा गुजरातेत गेलेला माणूस. पीत नाहीत, पण प्रत्येक दुकानासमोर हात मागे बांधून, सयाजीबागेतल्या संग्रहालयात हिंडावं तसे हिंडत होते. "बघ, नुसतं असं ठेवलंय," एवढंच म्हणायचे.

बोट लिपे नावाच्या थायी बेटावर जाणार होती. धक्क्यावर आमचे शिक्के झाले आणि लगेच बोटीवरच्या एका पोराने सगळ्यांचे पासपोर्ट गोळा केले, रबरबँड लावला आणि पिशवीत टाकले. पासपोर्ट कोणाच्याही हातात द्यायचा नाही, हा ह्यांनी आयुष्यभर सगळ्या गावाला दिलेला सल्ला. दीड तास त्यांनी समुद्र पाहिलाच नाही, त्या पिशवीवरच नजर.

साडेनऊला निघालो. दीड तासाने पोचलो, तेव्हा तिथे दहा वाजले होते. थायलंडचं घड्याळ मलेशियाच्या तासभर मागे चालतं, एवढंच कारण, पण मला ते अजून पचलेलं नाही. त्यात माझं घड्याळ निराळंच सांगत होतं. परदेशात मी घड्याळ बदलत नाही. त्याला कारण नाही, खोड आहे. माझ्या मनगटावर साडेआठ झाले होते, म्हणजे वडोदऱ्यात भांडीवाल्या बेन येऊन बेल वाजवत असणार आणि दार उघडायला शेजारच्या वहिनी किल्ली घेऊन येत असणार. एका समुद्रात तीन वेळा, आणि मला खरी वाटत होती ती भांड्यांची.

लिपेला धक्का नव्हताच. बोट खोल पाण्यात एका तरंगत्या फळ्यांच्या तराफ्याला लागली, तिथून लांब शेपटाच्या लाकडी होडीत उतरायचं आणि किनारा आला की चपला हातात घेऊन पाण्यातून चालायचं. सलवार गुडघ्यापर्यंत, थेपल्यांचा डबा डोक्यावर. वाळूतच परवान्याचं ऑफिस, म्हणजे खोपटंच म्हणायचं. रबरबँडवाला पोरगा एकेक नाव पुकारत होता, तोंडाला येईल तसं. आमचं आडनाव त्याने असं काही उच्चारलं की आम्ही दोनदा ऐकूनही उठलो नाही.

काउंटरमागे गणवेशातला माणूस दिसला की मी काहीतरी केलेलं असतं. काय, ते मला ठाऊक नसतं. बँकेत, रेल्वेत, अगदी लायब्ररीतही. पण इथे पायाला ओली वाळू, हातात चपला, समोर पंख्याखाली घामाघूम झालेला शिक्केवाला. देवळात जावं तशी मी अनवाणी दुसऱ्या देशात गेले आणि पहिल्यांदाच मला चोरट्यासारखं वाटलं नाही.

त्या किनाऱ्याचं नाव पटाया. पुढे वडोदऱ्यात हे म्हणून बसले, "आम्ही पटाया बीचला जाऊन आलो." ह्यांच्या सकाळच्या बागेतल्या मंडळींनी असे काही डोळे मिचकावले की आजतागायत खुलासे चालू आहेत. ते पटाया दुसरं, बँकॉकजवळचं, हे ह्यांनी नकाशा काढून दाखवलं. नकाशा काढल्यावर तर संशय आणखी वाढला.

होडीतून तराफ्याकडे बघताना मला मात्र ओखा आठवत होतं.

१९७४ ची दिवाळीची सुट्टी. मी नऊ वर्षांची. आजी, बाबा, आई आणि आम्ही तीन पोरं ओख्याच्या धक्क्यावर उभे, समोर बेट द्वारका. होडी लाकडी, रंग उडालेली, आणि भरून वाहत होती. नावाडी तरीही काठावरच्या लोकांना हात करत होता, "बेसो बेसो, हजु घणी जग्या छे!" बाबांनी माझ्या फ्रॉकची कॉलर मागून मुठीत धरलेली. होडी हलली आणि पांढरे पक्षी आले, कुठून कोण जाणे, शेकड्याने. सगळे त्यांना गाठिये टाकत होते. मी एक गाठिया वर धरला. पंखाचा वारा गालाला लागला, बोटाला चोच लागली की नाही ते कळलंच नाही, आणि गाठिया गेला. मी दुसरा धरला. मग पुडी संपेपर्यंत मी बेट पाहिलंच नाही.

आजी मात्र ताठ बसून नावाड्याला सांगत होती, "आमचे यजमान इथे बंदरावर होते हं. गायकवाड सरकारच्या नोकरीत." भाड्यात सूट मिळावी असा काहीतरी तिचा हिशोब असावा. "हा माजी, बेसो," नावाडी म्हणाला आणि पूर्ण पैसे घेतले. गायकवाडी १ मे १९४९ ला मुंबई राज्यात विलीन झाली होती, ही बातमी आजीपर्यंत पोचली नव्हती असं नाही. तिने ती मनावर घेतली नव्हती. ओखामंडळ, म्हणजे द्वारका, ओखा आणि हे बेट, तिच्या लेखी बडोद्याचंच. बडोदंच जरा लांब पडलं होतं.

किती लांब, ते ती सांगायची तेव्हा आम्ही पोरं जेवण थांबवून ऐकायचो. १९३१ साली तिचं लग्न झालं आणि ती ओख्याला आली. माहेरी, म्हणजे बडोद्याला जायचं तर गाडी आधी जामनगरच्या जामसाहेबांच्या हद्दीतून, मग राजकोटच्या ठाकोरांच्या, मग आणखी कुठल्या कुठल्या दरबारांच्या. शेवटी विरमगाम. तिथे इंग्रजांचं राज्य लागायचं आणि तिथे जकात. काठेवाडातल्या संस्थानांच्या बंदरांवर उतरलेला माल जकात चुकवून इंग्रजी मुलखात जाऊ नये म्हणून प्रत्येक उतारूचं सामान उघडायचं. गांधीजी आफ्रिकेतून परत आल्यावर १९१५ साली त्यांच्या कानावर पहिल्या ज्या तक्रारी आल्या त्यांत ही विरमगामची. १९१७ मध्ये जकात उठली, १९२७ मध्ये पुन्हा बसली, आणि १९३१ साली आमच्या आजीची ट्रंक तिच्या तावडीत सापडली.

"आपल्याच राज्यातून आपल्याच राज्यात चाललो होतो," आजी म्हणायची, "आणि मधे हा कोण माझ्या लुगड्यांत हात घालणार!"

ट्रंकेत लुगड्यांच्या घडीत गुंडाळलेला शंख होता. बेटाचं जुनं नाव शंखोद्धार. तिथून शंख न्यायचा आणि माहेरच्या देवघरात ठेवायचा, हा सासरहून पहिल्यांदा जाणाऱ्या मुलीचा थाट. जकातवाल्याने तो उचलला, कानाशी हलवला. आत काहीतरी खडखडलं, वाळूचा खडा असेल. झालं. मोती आहे, सोनं आहे, काय आहे? आजीला धड गुजराती येईना, त्याला मराठी येईना, आजोबा दुसऱ्या गाडीत सामान चढवायला गेलेले. बोट घालून बघितलं, उलटा करून आपटून बघितला, काही पडेना. शेवटी त्याच्या शिपायाने शंख घेतला आणि खडा उडवून लावू म्हणून जोर लावून फुंकला.

अख्खा प्लॅटफॉर्म दुमदुमला. हमालांनी डोक्यावरची ओझी सावरत एका हाताने नमस्कार केला. एका म्हातारीने गाडीतूनच "जय द्वारकाधीश" म्हटलं. जकातवाल्याने घाईघाईने ट्रंक बंद केली. ह्या ठिकाणी आजी नेहमी थांबायची, पदर सारखा करायची आणि म्हणायची, "खडा मात्र अजून आतच आहे."

आहे. शंख आता आमच्या देवघरात असतो, म्हणजे पासपोर्टच्या बरोबर वर. हलवला की खडखडतो. परवाही हलवून बघितला.

लिपेवर पाहण्यासारखं फार नाही, आणि तेच बरं होतं. पाणी इतकं स्वच्छ की होडीची सावली तळावर पडलेली दिसते. एका गाड्यावर तव्यावर पातळ पोळी भाजून तीत केळ्याच्या चकत्या घडी करून देत होते, वर आटवलेलं गोड दूध. हे म्हणाले, "अगं, ही तर शिकरण-पोळी, फक्त शिकरण आत." तीन खाल्ल्या. बेटावरचे मूळचे लोक उराक लावोई, समुद्रावरच हयात काढणारे, त्यांची भाषा थायीहून वेगळी. त्यांच्या घरांमागून आता हॉटेलं उभी राहिली आहेत. एक आजीबाई दारात जाळं विणत बसल्या होत्या. आम्ही चौघं छत्र्या-टोप्या घालून जाताना त्यांनी मान वर केली नाही. रोज किती बघायचे!

परत आल्यावर वाचलं, की १९०९ साली इंग्रज आणि सयाम यांच्यात बँकॉकला एक करार झाला. केदा आणि त्यातलं लांगकावी इंग्रजांकडे, सातून आणि त्याच्या वाट्याला आलेलं लिपे सयामकडे. वल्ही मारत ह्या बेटावरून त्या बेटावर मासे पकडायला जाणाऱ्या लोकांच्या मधून रेघ गेली. त्यांना कोणी विचारलं असेल असं वाटत नाही. आमच्या आजीलाही कोणी विचारलं नव्हतं, पण तिला निदान विरमगामच्या माणसाचा चेहरा तरी आठवत होता. शिव्या द्यायला चेहरा लागतो.

परतीच्या होडीत बसताना डबा उघडला तर थेपल्यांच्या जागी एक शिंपला. तपकिरी, वर पांढरे ठिपके, अंगठ्याच्या पेराएवढा. मीच ठेवला होता, दुपारी, सवयीने. तेवढ्यात किनाऱ्यावरची पाटी दिसली, सागरी उद्यान आहे, शिंपले-प्रवाळ नेऊ नका. लगेच पोटात गोळा. मलेशियाच्या काउंटरवरचा माणूस डबा उघडतोय, हलवतोय, कानाशी धरतोय, सगळं दिसायला लागलं. कोणाचं लक्ष नाही असं बघून मी हात पाण्यात सोडला आणि शिंपला सोडून दिला. "काय पडलं?" ह्यांनी विचारलं. "काही नाही," मी म्हटलं. डब्याला मेथीचा वास तेवढा राहिला होता.

चारला निघालो, साडेसहाला लांगकावीत. सकाळी फुकट मिळालेला तास संध्याकाळी मुकाट परत केला. काउंटरवरच्या बाईने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही, शिक्का मारला. तोच तो वाकडा.

खोलीवर येऊन फोन उघडला तर नातेवाइकांच्या ग्रुपवर ऐंशी निरोप. काही झालं की काय म्हणून धस्स झालं. झालं होतं ते एवढंच, की त्याच दिवशी ओखा ते बेट द्वारका पुलाचं उद्घाटन झालं होतं. सुदर्शन सेतू, दोन किलोमीटर ३२० मीटर, पादचारी वाटेवर गीतेचे श्लोक, तारांवर लटकलेला पांढरा शुभ्र पूल. चुलतभावाने लिहिलं होतं, "आता पाच मिनिटांत बेट!" आत्तेबहिणीने खाली हात जोडलेले. मी एक अंगठा टाकला. काय लिहायचं सुचेना. म्हातारी माणसं होडीत चढताना पडायची, आजारी माणसाला रात्री पलीकडे न्यायचं तर हाल व्हायचे, पूल हवाच होता. मला हे सगळं कळतं.

फॉर्म अजून अर्धा आहे. नवा पासपोर्ट आला की जुन्याचा कोपरा कापून परत देतात, चार शिक्के खणात पडून राहतील. ह्यांचं चाललंय, येत्या दिवाळीत गाडी काढू आणि बेटाला जाऊन येऊ, संध्याकाळी द्वारकेत परत. मी अजून हो म्हटलेलं नाही. नाहीही म्हटलेलं नाही. पुलाला चालायची वाट आहे म्हणतात, म्हणजे थांबता येईल. पण एवढ्या उंचावरून टाकलेला गाठिया पक्ष्याला मधल्यामधे मिळतो, की नुसता समुद्रात जातो, ते कोणी जाऊन आलं असेल तर सांगावं.